लाल जोंधळ्याचा घट

भाद्रपद सरत आला की आमच्या सोलापूरच्या बाजारात काळी माती विकायला येते. पिशवीत भरलेली, वर गाठ मारलेली, आणि शेजारी धान्याची पुडी. घट बसवायला एवढं पुरतं. रानातली माती विकत आणायची, या गोष्टीची मला अजून सवय झालेली नाही. दर वर्षी मी त्या माती विकणाऱ्या बाईशी हुज्जत घालते, दर वर्षी ती म्हणते, "आजी, तुमचं रान असंल तर तितनं आना की." आणि दर वर्षी मी गुमान पिशवी उचलून घरी येते.

याच दिवसांत आमच्या इमारतीसमोरची मोकळी जागा पांढरी होते. गाजर गवत फुलतं. काँग्रेस गवत म्हणतात त्याला आमच्याकडे. लांबून बघावं तर कोथिंबिरीचा वाफा, जवळ जावं तर अंगाला खाज. इमारतीतली माणसं महापालिकेला नावं ठेवतात, मी गॅलरीचं दार लावून घेते. माझं त्या गवताशी वैर आहे, आणि ते ही इमारत उभी राहण्याच्या कितीतरी आधीचं आहे.

यंदा त्यात भाचीचा फोन. पल्लवी माझ्या धाकट्या बहिणीची मुलगी, पुण्यात एका संस्थेत काम करते. त्यांनी गावोगावी बियाणे बँक काढली आहे. बाया आपापलं जुनं बी आणून ठेवतात, लागेल तेव्हा नेतात. बाहेरच्या देशातून त्यासाठी निधी येतो. एवढं सगळं सांगून ती म्हणाली, "मावशी, तू दुष्काळ बघितलायस. तेव्हाही परदेशातून मदत आली होती ना? तिचा तुम्हाला काय फायदा झाला ते एका पानात लिहून दे. आम्हाला छापायचंय."

एका पानात! या आजकालच्या पोरांचं सगळं एका पानात बसतं. मी कागद घेऊन बसले. "फायदा झाला" असं लिहिलं तर खोटं होत नव्हतं. "आम्ही बुडालो" असं लिहिलं तरी खोटं होत नव्हतं. मग कागद तसाच राहिला, आणि डोळ्यांपुढे तो आश्विन आला.

बाहत्तरच्या दुष्काळाबद्दल सगळे बोलतात. खडी फोडणारी माणसं, कोरड्या विहिरी, छावणीतली जनावरं. ते खरंच आहे, मीही खडी फोडली आहे. पण माझ्या मनात रुतून बसलं आहे ते त्याच्या पुढचं वर्ष. त्या वर्षी पाऊस आला. चांगला आला. नाले वाहिले, दुधनीकडचा रस्ता चिखलाने बंद झाला, काळी माती फुगून लोण्यासारखी मऊ झाली. रान पेरायला तयार होतं आणि पेरायला घरात दाणा नव्हता. आदल्या उन्हाळ्यात आम्ही बी खाऊन बसलो होतो. दुष्काळात माणूस मरतं ते सगळ्यांना दिसतं. पाऊस पडत असताना मरायची पाळी येते, ती कुणाला दिसत नाही.

मी मूळची बार्शीकडची. लग्न होऊन अक्कलकोट तालुक्यात, अगदी कर्नाटकाला टेकलेल्या गावात आले. घरात सासूबाई, हे आणि मी. सासऱ्यांना जाऊन बरीच वर्षं झाली होती. सासूबाईंचं नाव मल्लव्वा. सगळं गाव त्यांना अव्वा म्हणायचं, म्हणून मीही अव्वाच म्हणू लागले. अर्धं कानडी, अर्धं मराठी बोलायच्या, रागावल्या की पूर्ण कानडी. गावात त्यांना मान होता तो त्यांच्या बियाण्यामुळे. सुगीत उभ्या पिकात शिरून त्या कणसं निवडायच्या. कणीस हातात घेऊन नुसतं तोलायच्या, पटलं तर ओच्यात. त्यांचा मालदांडी जोंधळा लोक लांबून मागायला यायचे आणि तो त्यांनी कधी कुणाला नाकारला नव्हता. अशा बाईच्या घरात बियाण्याची कणगी रिकामी झाली. शेवटचं बी दळताना त्यांनी जात्याला मला बसू दिलं नाही. एकट्या दळत होत्या आणि एरवी जात्यावर गाणाऱ्या बाईच्या तोंडून एक ओळ बाहेर पडत नव्हती.

तेव्हा गावच्या शाळेत मदतीचं केंद्र उघडलं होतं. एका संस्थेचं होतं, धान्य यायचं सातासमुद्रापलीकडून. पोत्यांवर इंग्रजी अक्षरं आणि हातात हात दिलेलं चित्र. मिलो म्हणायचे त्या धान्याला. लाल जोंधळाच तो, पण आमच्या जोंधळ्याचा सावत्र भाऊ. त्याच्या पिठाला चिकी नव्हती. भाकरी थापायला घ्यावी तर कडेने चिरा पडायच्या, उचलायला जावं तर हातात तुकडे. आमच्याकडे बाईची परीक्षा भाकरीवर. सोलापूरची कडक भाकरी कागदासारखी पातळ व्हायला हवी, डब्यात ठेवली तर महिना टिकायला हवी. त्या मिलोने गावातल्या सगळ्या सुगरणी एका रांगेत गबाळ्या करून टाकल्या. बाया तव्यापुढे बसून रडायच्या. भुकेने रडत होत्या की भाकरी मोडली म्हणून, ते त्यांनाही सांगता आलं नसतं.

तरी मी त्या धान्याला वाईट म्हणणार नाही. खाल्ल्या अन्नाला नावं ठेवू नयेत. त्या लाल भाकरीच्या तुकड्यांवर आमचं गाव जगलं. मला तेव्हा दिवस गेले होते, केंद्रात पोटुशा बायांना सुकडी मिळायची, दुधाची पावडर मिळायची. माझा थोरला पोटात असताना त्या पावडरीवरच वाढला, आज चांगला उंचापुरा आहे. पल्लवीच्या पानात हे लिहायलाच हवं.

केंद्र चालवायला एक ताई होत्या. पुण्याकडच्या, पांढरी सुती साडी, उन्हाने रापलेल्या. बाई मनापासून राबायची. पोरांची नाकं पुसायची, म्हाताऱ्यांना घरपोच धान्य द्यायची. त्यांच्याबरोबर एकदा परदेशी पाहुणा आला. उंच, गुलाबी गोरा, शाळेच्या दारात बूट काढून आत आला, याचं गावाला फार कौतुक वाटलं. मांडी घालता येईना तर उकिडवा बसला आणि बायांनी केलेली मिलोची भाकरी खाल्ली. मग ताईंना मध्ये घालून त्याने विचारलं, तुम्हाला आणखी काय पाहिजे? कुणी म्हणालं तेल, कुणी कापड. अव्वा मागे भिंतीला टेकून बसल्या होत्या. त्या म्हणाल्या, "बी द्या."

ताईंनी त्याला सांगितलं. त्याने अव्वांकडे बघून मान हलवली. त्याला कळलं होतं, त्याच्या तोंडावर दिसत होतं ते. मग तो ताईंशी काही बोलला. ताई खाली बघत म्हणाल्या, "अव्वा, आमच्याकडे येतं ते खायलाच येतं. बी आमच्या कामात बसत नाही. वरून तशी परवानगीच नाही."

"खाऊन झाल्यावर काय करायचं?" अव्वांनी विचारलं.

"पुढच्या महिन्यात पुन्हा धान्य येईल."

"आनि त्येच्या म्होरल्या?"

ताईंनी तो प्रश्न पाहुण्याला सांगितला. पाहुण्याने अव्वांना हात जोडले आणि तो जीपमध्ये बसून गेला. अव्वा त्याच्यावर रागावल्या नाहीत. घरी येताना म्हणाल्या, "मानूस चांगला हाय की. पर त्येचं कुनी ऐकत नसंल."

आमच्या घरात त्या दिवसांत एकच बोलणं होतं. ह्यांचा चुलतभाऊ सोलापुरात गिरणीत होता, त्याचा निरोप येत होता, इकडे या, बदली कामगार म्हणून चिकटवतो, बायांना विड्या वळायचं काम मिळेल. हे निघायला तयार होते. अव्वा तयार नव्हत्या. चार एकर काळं रान, छावणीतून जिवंत परतलेला एक बैल आणि हे पाऊस झालेलं वर्ष. "येक पेरनी बघू बसू," त्या मुलाला म्हणाल्या. ह्यांचं नाव बसवराज, आईच्या तोंडी बसू. "उगवलं तर ऱ्हायचं. न्हाय उगवलं तर तू म्हनशील तितं मी येते. मागारी वळून बगनार न्हाय." एवढा सरळ करार होता. पेरणी साधली तर घर राहणार होतं, हुकली तर कुलूप.

आणि बी कुठलं? भीमेपलीकडे अव्वांचं माहेर होतं. भावाच्या विहिरीला दुष्काळातही थोडं पाणी होतं, त्याच्याकडे जोंधळा होता. पण बियाण्यासाठी प्रसिद्ध असलेल्या बाईने भावजयीपुढे पदर पसरून बी मागायचं, ते त्यांच्या जिवावर येत होतं. त्यापेक्षा त्यांनी दुसरंच धरलं. आमच्याकडे रीत होती, घरात कुठलंही धान्य आलं की पहिली मूठ बियाण्याची. ती शिजवायची नाही. मिलो आला तसा अव्वांनी त्यातूनही मूठ काढायला सुरुवात केली. दर वाटपाची मूठ राखेत घोळून मडक्यात. पुढे एका मुठीच्या दोन झाल्या, ओंजळ झाली. आमच्या ताटातली भाकरी आक्रसत गेली. ह्यांनी एकदा ताट सरकवून दिलं. "आई, पोटुशी बाई हाय घरात. तिच्या तोंडचं काढून मातीत घालनार व्हय?" अव्वांनी आपल्या ताटातली अर्धी भाकरी माझ्या ताटात ठेवली आणि मडक्याचं तोंड फडक्याने बांधलं.

"जोंधळाच हाय न्हवं त्यो," त्या म्हणाल्या. "रंग तांबडा असंल. दाना म्हंजी दाना."

त्यांना शंका नव्हती असं मात्र नाही. बियाण्यातलं कळणारी बाई, बोटीतून आलेल्या दाण्यावर डोळे मिटून विश्वास कसा ठेवेल? त्यांनी ठरवलं, घट सांगेल. नवरात्रात घट बसतो, त्यात धान्य पेरतात. शहरातल्या बायांना ती पूजा वाटते, आमच्या गावाला ती बियाण्याची परीक्षाही होती. घटात ज्याचा कोंभ जोमाने आला ते पीक त्या वर्षी साधणार, असा हिशेब. एरवी पाच धान्यं टाकतात. अव्वांनी त्या वर्षी एकटा मिलो टाकायचा ठरवला. दुसरं धान्य घरात नव्हतंच, आणि पारख त्याचीच करायची होती. "उगवला तर पेरू. न्हाय उगवला तर मी दसऱ्याआदी भावाकडं जाते. लाज सोडून जाते." हे त्या मला म्हणाल्या, चुलीपुढे, कुणी ऐकत नसताना.

घटस्थापनेच्या सकाळी आम्ही दोघींनी रानातून माती आणली. आमच्याच चार एकरांतली, बांधाजवळची. परडीत मातीचा थर, त्यावर लाल दाणे, पुन्हा माती, मध्ये पाण्याचं मडकं. वर नागवेलीची पानं ठेवावीत तर पानं मिळाली नाहीत, आंब्याची डहाळी ठेवली. सांजेला शेजारच्या काशीबाई माळ घेऊन आल्या. भिंतीला भिंत लागून त्यांचं घर. बुटक्या, सतत हसणाऱ्या, स्वतःच्या घरात काही असो नसो, दुसऱ्याच्या घरात वाटी घेऊन येणाऱ्या. त्यांच्याकडे थोडं बी होतं, दुष्काळाआधी भिंतीत गाडगं लिंपून ठेवलेलं. अर्ध्या रानाला पुरेल एवढं त्यांनी नवरात्राआधीच पेरून घेतलं होतं. अव्वांनी त्यांना विचारलं नव्हतं आणि त्यांना देण्यासारखं उरलंही नव्हतं.

मग वाट बघणं. घटापुढे दिवा तेवत होता, त्याला तेलही केंद्रातलं, डब्यातलं, वासाला वेगळं. रोज एक माळ चढायची, रोज अव्वा मातीवर पाणी शिंपडायच्या. तोंडाने देवीचं नाव आणि डोळे मातीवर. बाहेर लोक सोयऱ्याधायऱ्यांकडून बी आणून पेरण्या उरकत होते. तिफणींचे आवाज घरात ऐकू यायचे आणि हे उंबऱ्यावर बसून नुसते बोटं मोडायचे. रानातली ओल कुणासाठी थांबत नाही. एके सकाळी मातीला भेग पडलेली दिसली. दुसऱ्या दिवशी पिवळसर कोंभ. मग असे भराभर वाढले की मडकं दिसेनासं झालं. दाट, उभे, केसांच्या झुबक्यासारखे. अव्वा परडीपुढे बसल्या आणि लेकरासारख्या ओठ मुडपून रडल्या. मीही रडले. हे आत येऊन बघून गेले आणि त्यांनी बैलाचं जू धुवायला घेतलं.

पेरावं तसं उगवतं म्हणतात. त्या सकाळी आमच्या घरात या म्हणीवर सगळ्यांचा विश्वास होता.

तो दसरा मला अजून दिसतो. घट हलवला, अव्वांनी कोंभ कापले. पहिला तुरा देवीला, दुसरा बैलाच्या शिंगाला, ह्यांच्या टोपीत एक. माझ्या अंबाड्यात त्यांनी स्वतः माळला, जरा जास्तच मोठा. स्वतःच्या पांढऱ्या केसांत खोवला. मग आपट्याची पानं घेऊन आम्ही गावभर फिरलो. बाया विचारायच्या, "अव्वा, मिलोचा घट ह्यो?" अव्वा मान ताठ करून म्हणायच्या, "व्हय. दाना म्हंजी दाना." काशीबाईंच्या दारात गेलो तर त्यांनी माझ्या अंबाड्याकडे बघितलं, हसल्या आणि घाईघाईने आत गेल्या. परडीतली माती अव्वांनी विहिरीत सोडली. ती उकरून बघायची नसते. घट म्हणजे देवी, तिच्या पोटात बोट घालत नाहीत.

दुसऱ्या दिवशी पेरणी. एक बैल आमचा, एक काशीबाईंचा. हे तिफण धरून, अव्वा चाड्यावर. चाडं म्हणजे तिफणीवरचा लाकडी वाडगा, त्यातून बी नळ्यांवाटे सरीत पडतं. मूठ सैल सोडली तर दाट, आवळली तर विरळ. अव्वांची मूठ अशी की सबंध रानात एक दाणा पुढेमागे नाही. आमच्या ताटातून काढलेली एकेक मूठ त्या मुठीतून मातीत जात होती. मी बांधावर बसून बघत होते. पोटातलं पोर त्या दिवशी पहिल्यांदा ठळक हललं. मी अव्वांना सांगितलं तर चालता चालता म्हणाल्या, "त्येला बी कळतंय की."

मग काहीच झालं नाही. पुढच्या दिवसांबद्दल एवढंच लिहिता येतं. काशीबाईंचं रान वीतभर आलं, आमच्या रानात तिफणीच्या रेघा तशाच्या तशा. अव्वा पहाटे जायच्या, दुपारी जायच्या. कुठे एखादा कोंभ, तोही वाकडा. शेवटी अव्वा सरीत बसल्या आणि हाताने माती उकरली. दाणे तिथेच होते. फुगलेले, मऊ झालेले. बोटात धरले की पीठ. त्यांनी हुंगून पाहिलं. अव्वा सरीत पुढेपुढे सरकत उकरत राहिल्या, जसं काही पलीकडच्या टोकाला वेगळं सापडणार होतं. मी त्यांना उठवायला गेले तर माझा हात झटकला. कानडीत काहीतरी म्हणाल्या, मला कळलं नाही. मी कुणालाही त्याचा अर्थ विचारला नाही.

हे तसेच पायी मामाच्या गावी गेले. मामाने जेवू घातलं आणि म्हणाला, "दसऱ्याआदी आला असतास तर पोतं दिलं असतं रे. समदं पेरून बसलो की." हे मोकळ्या हाताने परत आले.

ताईंच्या कानावर गेलं तशा त्या रानात आल्या. बांधावर बसल्या आणि डोक्याला हात लावला. "अव्वा, ते खायचं होतं हो. किती दिवस गोदामात असतं, औषधं मारलेली असतात. ते उगवत नाही."

"आदी सांगायचं," ह्यांचा आवाज चढला.

"कुणी पेरेल असं वाटलंच नाही," ताई म्हणाल्या.

मला आजवर त्या बाईचा राग आलेला नाही, पण या वाक्याचा येतो. काळ्या मातीच्या मुलखात, पाऊस झाल्यावर, शेतकऱ्याच्या घरात दाणा दिलात आणि तो कुणी पेरेल असं वाटलं नाही? आम्ही म्हणजे नुसती तोंडं होतो का? रांगेत ताटली धरून उभं राहणाऱ्या माणसाला घरी जाऊन दुसरंही काही करायचं असतं, हे मदत धाडणाऱ्याला तेवढ्या लांबून दिसत नसावं. जवळ असणाऱ्यालाही दिसलं नाही. आम्ही मागितलं होतं, स्पष्ट मागितलं होतं. ऐकूनही घेतलं होतं त्यांनी. आणि तरी जे त्यांच्या नियमात बसत होतं तेच आमच्या पदरात पडलं. मी उपकार विसरलेली नाही. पण त्या उपकाराने मला जगवलं आणि माझं गाव सोडवलं, ही दोन्ही वाक्यं मला शेजारीशेजारी लिहायची आहेत.

स्वातीत एक सर आली. पडतील स्वाती तर पिकतील मोती म्हणतात. आमचं रान एका आठवड्यात हिरवं झालं. रस्त्याने जाणाऱ्या बाया ओरडून सांगायला आल्या, "अव्वा, तुमचं रान उगवलं की." अव्वा अनवाणी पळाल्या. मी जड पोटाने मागून गेले. पोचले तेव्हा त्या बांधावर उभ्या होत्या. कातरलेल्या पानांची, कोथिंबिरीसारखी रोपं सगळीकडे. आमच्या रानात ते गवत त्याआधी कधी कुणी पाहिलं नव्हतं. लोक म्हणतात ते परदेशी धान्यातूनच आलं. खरंखोटं मला माहीत नाही, मी जे पाहिलं ते सांगते. अव्वांनी वाकून एका पानाला हात लावला. मग हळू आवाजात म्हणाल्या, "दुसऱ्या देशाचं हाय. दुसऱ्या तऱ्हेनं येत असंल."

जोंधळ्याचा कोंभ अंधारात हाताने ओळखणारी बाई ती. तिला कळत होतं. पण त्या गवताला तिने पुढचे कितीतरी दिवस खुरपं लावू दिलं नाही.

मार्गशीर्षात येळ अमावस्या येते. आमच्या भागातला हा मोठा सण. उभ्या जोंधळ्यात कोप करायचा, म्हणजे जोंधळ्याची पाच ताटं, धाटं म्हणा, एकत्र वाकवून बांधायची, आत पांडव म्हणून पाच खडे मांडायचे, आंबील आणि पालेभाज्या-कडधान्यांच्या भज्जीचा नैवेद्य दाखवायचा, येईल त्याला जेवू घालायचं. त्या साली आम्ही सण करणार नाही असंच मी धरून चालले होते. सामान बांधून झालं होतं, चुलतभाऊ पुढच्या आठवड्यात न्यायला येणार होता. अव्वांनी मात्र सकाळी मिलोची आंबील शिजवली, डोक्यावर घेतली आणि निघाल्या. रानात पांढरी फुलं गुडघ्याला लागत होती. त्यांनी मधोमध थोडी जागा साफ केली, पाच खडे मांडले. कोप करायला ताट नव्हतं. चहूकडची रानं जोंधळ्याने भरलेली, सणाच्या आरोळ्या ऐकू येत होत्या, आणि आमच्या रानात मातीवर उघडे पाच खडे.

तेवढ्यात काशीबाई आल्या. कडेवर जोंधळ्याची पाच ताटं, मुळासकट, त्यांच्या रानातली. त्यांनी ती खड्यांभोवती रोवली, वर शेंडे बांधले आणि अव्वांच्या पायाशी बसल्या. हसत नव्हत्या.

"अव्वा, येक सांगते. मारा मला," त्या म्हणाल्या. "घट बसवला त्या सांजंला मी माळ घिऊन आले हुते न्हवं? तुमी पानी आनाया गेला, आनि मी माजा जोंधळा टाकला तुमच्या घटात. भरल्या पोटाची सून घरात. त्यो तांबडा दाना न्हाय उगवला आनि घट वांझ ऱ्हायला, तर पोरीला काय झालं म्हंजी? म्हनून टाकला. तुमी त्येच्यावर पेरनी करनार हाय, ह्ये मला ठावं न्हवतं हो अव्वा. बैल दिला तवा वाटलं, भावाकडनं बी आलं असंल."

अव्वांनी कोपातलं एक ताट बोटांनी चाचपलं.

"कुटला हुता?" त्यांनी विचारलं.

"गाडग्यातला. तुमचाच बी त्यो. तुमीच दिल्याला, मागं कवातरी."

अव्वांनी डोळे मिटले. "तरीच," त्या म्हणाल्या. "दांडी लई सरळ हुती. तवाच वळखायला पायजे हुतं मी."

मग त्यांनी आंबिलीचं भांडं पुढे ओढलं, वाटी भरली आणि पहिली काशीबाईंना दिली. "जेव, काशे. सनाच्या दिशी उपाशी ऱ्हाऊ नगं." आम्ही तिघी त्या पांढऱ्या फुलांत बसून जेवलो. एक मदत समुद्रापलीकडून आली होती, एक भिंतीपलीकडून. दोघांचंही मन चांगलं होतं. आम्हाला काय करायचं आहे, हे मात्र दोघांतल्या कुणालाच माहीत नव्हतं.

पुढच्या आठवड्यात आम्ही सोलापूरला आलो. अव्वांनी शब्द पाळला, गाव सोडताना मागे वळून पाहिलं नाही. विड्या वळताना त्यांची मूठ तेवढीच नेमकी चालायची. घट त्या दर वर्षी बसवायच्या, पण पहिल्या दिवसापासून परडीजवळच बसून राहायच्या, शेजारणींना हात लावू द्यायच्या नाहीत. शेजारणी म्हणायच्या, म्हातारी फार सोवळ्याची आहे.

पल्लवीला मी कळवणार आहे की एका पानात बसलं नाही. तुमची बँक चांगली आहे, बायांना बी द्या, आणि काय पेरणार आहात ते आधी विचारत जा, एवढं तिला सांगेन. बाकीचं तिला सांगून काय उपयोग? त्या दिवशी येळ अमावस्येहून परत येताना अव्वा वाटेत थांबल्या, माझ्या अंबाड्यावरून हात फिरवला आणि पुढे चालू लागल्या. मला ते घरी पोचेपर्यंत उमगलं नव्हतं. आमच्या मातीत त्या साली जेवढा जोंधळा उगवला, तेवढा सगळा आम्ही दसऱ्याच्या दिवशी डोक्यात माळून गावभर मिरवला होता.